कोणत्या सालची जर्मनी?

आपल्याकडे एखाद्या चित्रपटावर देशाची बदनामी केल्याचा आरोप झाला की त्याची बाजू घेणारे हटकून जर्मनीचा दाखला देतात: पाहा, त्या देशाने आपला काळा इतिहास कसा पडद्यावर मांडला. बर्लिनमध्ये राहताना मला हा दाखला अपुरा वाटू लागला, तो दिग्दर्शक वोल्फगांग श्टाउटे यांच्यामुळे.

युद्धानंतरचा पहिला जर्मन चित्रपट, 'मारेकरी आपल्यातच आहेत' (१९४६), त्यांचा. पराभूत जर्मनी तेव्हा दोस्त राष्ट्रांच्या ताब्यात होती; संहिता घेऊन ते आधी त्यांतल्या पाश्चात्त्य राष्ट्रांच्या अधिकाऱ्यांकडे गेले. तिथे नकार मिळाला. सोव्हिएत अधिकाऱ्यांनी परवाना दिला, पण शेवट बदलायला लावून: मूळ संहितेत नायक युद्धगुन्हेगार कॅप्टनला गोळी घालतो, पडद्यावर मात्र त्याच्यावर खटला भरण्याची मागणी होते. कैसरच्या, म्हणजे जर्मन सम्राटाच्या, काळातील, वरिष्ठांपुढे लोटांगण घालून हाताखालच्यांवर अरेरावी करणाऱ्या कारखानदारावरचा 'डेर उंटरटान' (१९५१) पूर्व जर्मनीत निघाला, म्हणून पश्चिमेत १९५७ पर्यंत त्याच्यावर बंदी होती आणि नंतरही तो कापूनच दाखवला गेला. १९५५ साली नाटककार ब्रेख्तशी न पटल्याने त्यांच्या 'मदर करेज' या नाटकावरील चित्रपटाचे चित्रीकरण अर्धवट थांबले आणि श्टाउटे पश्चिम जर्मनीत आले. तिथे त्यांनी, युद्धकाळात चॉकलेटसाठी सैनिकाला फाशीच्या दारात नेणारा सरकारी वकील शांततेतही त्याच पेशात कसा सुखाने नांदतो, यावर विनोदी चित्रपट काढला (१९५९). स्वतःच्याच घरावर चिखल उडवणारा, हा शिक्का तिथल्या टीकाकारांनी त्यांच्यावर मारला. तेव्हा दाखला देणाऱ्यांनी कोणत्या सालची जर्मनी, हेही सांगावे.

'आणि तुम्ही तेव्हा कुठे होता?' हा आपल्या वादांतला ठरलेला प्रश्न श्टाउटेंनाही लागू पडतो, कारण नाझी राजवटीतल्या १९४० च्या कुख्यात ज्यूद्वेष्ट्या चित्रपटात त्यांची छोटी भूमिका होती. प्रश्न रास्तच आहे. पण तो विचारून चित्रपटातल्या वकिलाची सुटका होत नाही.

पुढे स्वतःच्या निर्मितीत कर्ज झाले आणि हा माणूस दूरचित्रवाणीकडे वळला. मालिका म्हणजे कलावंताची अधोगती, असे आपल्याकडे मानतात, तसे इथेही मानले गेले. मला ते पटत नाही: 'छोटा मुक' (१९५३) हा अत्यंत लोकप्रिय बालपट करणाऱ्या श्टाउटेंना प्रेक्षक धरून ठेवणे कधीच कमीपणाचे वाटले नव्हते, आणि जॅक लंडनवर बेतलेल्या १९७१ च्या चार भागांच्या सागरकथेत तीच हातोटी दिसते.