पागानोला एका ओळीत उरकू नका

‘काबिरिया’ (१९१४) या इटालियन मूकपटावरच्या तुमच्या लेखात त्याच्या भव्यतेचं श्रेय दिग्दर्शक जोव्हान्नी पास्त्रोनेंना दिलंय, ते रास्तच. पण त्यात माचिस्ते या गुलामाची भूमिका करणाऱ्या बार्तोलोमेओ पागानोची एका ओळीत बोळवण झाली, याचं वाईट वाटलं. हा मूळचा इटलीतल्या जेनोआच्या बंदरातला हमाल. जात्याला साखळदंडाने जखडलेला त्याचा माचिस्ते पाहा, नुसत्या खांद्यांतून आणि पाठीतून बोलतो! पुढच्याच वर्षी ‘माचिस्ते’ हा चित्रपट आला. त्यात संकटात सापडलेली मुलगी थिएटरात ‘काबिरिया’ बघते आणि मदतीसाठी थेट स्टुडिओला पत्र लिहिते. नट आणि पात्र वेगळे उरलेच नाहीत. मात्र माचिस्ते ‘काबिरिया’त अंग काळं रंगवून गुलाम, नंतर एकदम गोरा इटालियन, हे मला फार खटकतं. त्यावर लिहायलाच हवं होतं. लेखमालेचा पुढचा भाग पागानोवर येऊ द्या ना!