चीनने फोक्सवॅगनला ‘हाकललं’ म्हणणारा तो फॉरवर्ड

हा मजकूर मला आतापर्यंत चार ग्रुपांवर आला. सोसायटीच्या, कॉलेजच्या, घरच्यांच्या आणि चौथा कुठला ते आता आठवतही नाही. शेवटी तीन झेंडे आणि ‘विचार करा’ हे ठरलेलं. सारांश असा: चीनने परदेशी मोटार कंपन्यांना गोड बोलून आत घेतलं, अर्धी भागीदारी सरकारी कंपनीला द्यायला लावली, तंत्रज्ञान उचललं आणि काम झाल्यावर त्यांना हाकललं. फोक्सवॅगन तिथे संपल्यात जमा आहे, चिनी गाडीवर आपला बिल्ला चिकटवून दिवस काढतेय. आणि आपण? आपण परदेशी कंपन्यांना मोकळं रान दिलं.

मी चाकणला सुट्या भागांच्या धंद्यात आहे. त्यामुळे असलं काही आलं की हात शिवशिवतात. यातलं सगळंच खोटं असतं तर दुर्लक्ष केलं असतं. पण यात खऱ्याचे तुकडे आहेत आणि ते चुकीच्या दोऱ्याने शिवलेत. म्हणून जरा उसवून बघतो.

‘तंत्रज्ञान उचललं, त्यातून आजच्या चिनी कंपन्या उभ्या राहिल्या.’

हा मजकुराचा कणा आहे, म्हणून इथे थोडा वेळ घेतो.

ऑक्टोबर १९८४ मध्ये बीजिंगला शांघाय फोक्सवॅगनच्या करारावर सह्या झाल्या. जर्मनीचे तेव्हाचे चॅन्सेलर हेल्मुट कोल हजर होते. त्याआधी १९८३ पासूनच शांघायमध्ये जर्मनीहून पेट्यांत भरून आलेले भाग जोडून फोक्सवॅगनची सांताना ही गाडी बनत होती, म्हणजे आपण ज्याला सीकेडी म्हणतो ते. आता चाकणच्या कुठल्याही व्हेंडरला कळेल असा आकडा सांगतो. १९८७ मध्ये त्या गाडीतला चिनी बनावटीचा हिस्सा तीन टक्केसुद्धा नव्हता. टायर, रेडिओ, अँटेना असल्या गोष्टी. बाकी सगळं जहाजातून येत होतं.

उचलायला समोरच्याकडे आधी हात तरी हवेत. ते तयार करण्यात पुढची सात-आठ वर्षं गेली. झू रोंगजी १९८८ मध्ये शांघायचे महापौर झाले (हेच पुढे पंतप्रधान झाले) आणि त्यांनी सांतानाचं लोकलायझेशन, म्हणजे तिचे भाग चीनमध्येच बनवणं, हे शहराचंच काम करून टाकलं. विकल्या जाणाऱ्या प्रत्येक गाडीवर अधिभार लावला आणि तो पैसा सुटे भाग बनवणाऱ्या कारखान्यांत घातला. दर्जाच्या बाबतीत मात्र जर्मन मापाला हात लावायचा नाही, ही त्यांची अट होती. भाग नापास झाला तर नापास. नव्वदच्या दशकाच्या मध्यापर्यंत चिनी हिस्सा ऐंशी टक्क्यांच्या पुढे गेला. ज्याने कधी जर्मन ग्राहकाकडून एका ब्रॅकेटला मंजुरी मिळवलीय, त्याला यात किती घाम गेला असेल ते सांगायला नको.

तर मुद्दा असा की भागीदारीतून चीनला मिळाली ती पुरवठादारांची फळी आणि हाताशी आलेले हजारो तंत्रज्ञ. गाडी मुळापासून डिझाइन करायची विद्या त्या भागीदारांना फारशी मिळाली नाही, आणि मिळवायची त्यांना घाईही नव्हती. सायक, एफएडब्ल्यू, डाँगफेंग या सरकारी कंपन्यांना निम्मा नफा घरबसल्या येत होता. चीनचे माजी यंत्रोद्योग मंत्री ह गुआंगयुआन यांनी २०१२ मध्ये या भागीदाऱ्यांना अफूची उपमा दिली होती. एकदा चटक लागली की सुटत नाही, अशा अर्थाने. ज्या धोरणाला आपले फॉरवर्डवाले चाणक्यनीती म्हणतात, त्याबद्दल तिथल्याच माजी मंत्र्याचं हे मत.

आज फोक्सवॅगनला घाम फोडणाऱ्या कंपन्या बघा. बीवायडी १९९५ मध्ये शेंझेनला बॅटरी बनवणारी म्हणून सुरू झाली. २००३ मध्ये तिने शिआनची एक बुडत चाललेली मोटार कंपनी विकत घेतली आणि मग गाड्या बनवायला लागली. गीली खाजगी, तिने २०१० मध्ये फोर्डकडून व्होल्वो रोख पैसे मोजून घेतली. शाओपेंग, निओ, ली ऑटो या तर २०१४-१५ च्या आसपासच्या. यांतली एकही त्या जुन्या निम्म्या भागीदाऱ्यांतून जन्मलेली नाही. नक्कल झाली नाही असं मी म्हणत नाही. बीवायडीची जुनी एफ३ समोर उभी केली तर टोयोटा कोरोला ओळखणारा माणूस हसेल. पण इलेक्ट्रिक गाडीत जिथे चीन पुढे गेला, ती बॅटरी आणि ते सॉफ्टवेअर जर्मनांकडे उचलण्याजोगं नव्हतंच. जे दुकानात नाही ते चोरणार कसं?

‘अर्ध्या भागीदारीची सक्ती आजही आहे.’

नाही. इलेक्ट्रिक गाड्यांसाठी ती २०१८ मध्ये उठली, ट्रक-बससाठी २०२० मध्ये, उरलेल्या सगळ्या मोटारींसाठी २०२२ मध्ये. टेस्लाचा शांघायचा कारखाना पूर्ण टेस्लाचाच आहे. बीएमडब्ल्यूने २०२२ मध्ये आपल्या चिनी भागीदारीत ७५ टक्के हिस्सा घेतला. फोक्सवॅगनकडेही हफेई शहरातल्या भागीदारी कंपनीत ७५ टक्के आहेत. मजा अशी की बेडी निघाल्यावरही तिने सायकशी, म्हणजे शांघायच्या आपल्या जुन्या भागीदाराशी, फारकत घेतली नाही. २०२४ मध्ये तो करार उलट २०४० पर्यंत वाढवला. चाळीस वर्षांच्या संसारानंतर वेगळं निघणं महागात पडतं, दुसरं काय.

‘जर्मन घमेंडीत राहिले, चिनी गिऱ्हाइकाला जुनी भंगार खपवत राहिले.’

हे अर्धं पटतं. युरोपात सांतानाची ती पिढी १९८८ मध्येच मागे पडली होती. चीनमध्ये ती गाडी २०१२ पर्यंत बनत होती! पण टॅक्सीवाल्यांना आणि सरकारी खात्यांना तीच हवी होती, कारण कुठल्याही गावात दुरुस्त व्हायची. आपल्याकडे ॲम्बॅसेडर २०१४ पर्यंत बनत होती, तेव्हा यावर आपण फार हसू नये.

आणि गिऱ्हाईक ओळखलंच नाही, हे तर साफ चूक. १९९५ मध्ये आलेल्या ‘सांताना २०००’ या मॉडेलमध्ये पुढच्या आणि मागच्या चाकांतलं अंतर सुमारे दहा सेंटीमीटर वाढवलं होतं. कशासाठी? तिथे गाडी घेणारा माणूस मागच्या सीटवर बसायचा, गाडी ड्रायव्हर चालवायचा. पाय पसरता आले पाहिजेत. हे एकदा उमगल्यावर ऑडीने लांबवलेली ए६ आणली, बीएमडब्ल्यूने ५ सिरीज लांबवली, मर्सिडीजने ई-क्लास. आज पुण्या-मुंबईत लांबवलेली ई-क्लास दिसते, तिच्यामागची सवय आधी चीनमध्ये ओळखली गेली होती.

म्हणजे वीस-पंचवीस वर्षं ‘चीनशी जुळवून घेणं’ याचा अर्थ ठरलेला होता. गाडी जर्मनीत वोल्फ्सबुर्गला, फोक्सवॅगनच्या मुख्यालयात, जन्मणार, शांघाय आणि चांगचुनमध्ये तिला चार इंच वाढवणार, क्रोम जास्त लावणार, मागे पडदे देणार. पत्र्याचं आणि सीटचं काम. ते त्यांनी उत्तम केलं आणि बक्कळ कमावलं. २०१५ मध्ये चिनी भागीदाऱ्यांतून फोक्सवॅगनच्या वाट्याला आलेला नफा पाच अब्ज युरोंच्या वर होता.

घात इथे झाला. गिऱ्हाईक मागच्या सीटवरून पुढे आलं. तरुण, स्वतः चालवणारं, हातातल्या फोनसारखाच गाडीचा स्क्रीन झटपट चालावा असं वाटणारं. त्याच्यासमोर फोक्सवॅगनने इलेक्ट्रिक गाड्यांची आयडी मालिका ठेवली. बांधणी चोख, पण सॉफ्टवेअर रखडलेलं. सॉफ्टवेअर करणारी मंडळी जर्मनीत, एक बदल मंजूर व्हायला महिने. शेजारच्या शोरूममध्ये चिनी गाडी बोललेलं ऐकते, दर काही आठवड्यांनी नवं काहीतरी शिकते, आणि स्वस्तही. २०२३ च्या उन्हाळ्यात आयडी ३ ची किंमत एका झटक्यात सुमारे ३७ हजार युआनने उतरवली, तेव्हा कुठे ती खपायला लागली. माझ्या मते फोक्सवॅगनचा खरा पराभव तो. यात चोरी कुठेच नाही. निर्णय कुठल्या टेबलावर होतो आणि किती दिवसांत, एवढाच प्रश्न होता.

‘काम झाल्यावर हाकलून दिलं.’

सरकारने पारडं झुकवलं, हे मान्यच करायला हवं. इलेक्ट्रिक गाड्यांचं अनुदान मिळायला बॅटरी सरकारी यादीतल्या कंपनीची लागायची. २०१६ च्या सुमारास त्या यादीत कोरियाच्या एलजी आणि सॅमसंगला जागा नव्हती. २०१९ मध्ये यादी रद्द झाली, तोवर सीएटीएल या चिनी बॅटरी कंपनीने मैदान मारलं होतं. हे चित्र उघड आहे आणि ते खेळीमेळीचं नव्हतं.

शांघायच्या नंबर प्लेटचंही तसंच. तिथे पेट्रोल गाडीच्या प्लेटचा लिलाव होतो आणि भाव नव्वद हजार युआनच्या घरात जातो. इलेक्ट्रिक गाडीला हिरवी प्लेट फुकट. पण हिरवी प्लेट टेस्लालाही मिळते आणि फोक्सवॅगनच्या आयडीलाही. गाडी कुणाची हे प्लेट विचारत नाही, पेट्रोल की वीज एवढंच विचारते. फोक्सवॅगनचं दुखणं असं की तिच्या विकल्या जाणाऱ्या गाड्या मुख्यतः पेट्रोलच्या होत्या.

आता ‘संपल्यात जमा’चा हिशेब. २०१९ मध्ये फोक्सवॅगन समूहाने चीनमध्ये सुमारे ४२ लाख गाड्या विकल्या. २०२४ मध्ये सुमारे २९ लाख. घसरण मोठी आहे, लपवण्यासारखी नाही. सर्वाधिक खपाच्या ब्रँडचं स्थान २०२३ मध्ये बीवायडीने घेतलं. चिनी भागीदाऱ्यांतला नफाही २०२४ मध्ये पावणेदोन अब्ज युरोंच्या आसपास आला. पण २९ लाख म्हणजे समूहाच्या जगभरच्या विक्रीचा जवळजवळ तिसरा हिस्सा. ज्याला हाकललंय त्याचं दुकान इतकं चालत नसतं.

खरोखर गेलेल्यांची नावं वेगळी आहेत. मित्सुबिशीने २०२३ मध्ये चीनमधलं उत्पादन थांबवत असल्याचं जाहीर केलं. जीपची भागीदारी २०२२ मध्ये दिवाळखोरीत निघाली. आणि सुझुकी. तिने २०१८ मध्ये आपला निम्मा हिस्सा भागीदार चांगानला विकला, किंमत फक्त एक युआन. तिला कुणी हाकललं नव्हतं. चिनी बाजार मोठ्या गाड्यांकडे वळला आणि सुझुकीकडे होत्या छोट्या.

‘चिनी गाडीवर जर्मन बिल्ला.’

हा मुद्दा मला सगळ्यांत रंजक वाटतो, कारण तो खराच आहे. फक्त त्याचा अर्थ फॉरवर्डवाल्याने उलटा लावलाय.

जुलै २०२३ मध्ये फोक्सवॅगनने शाओपेंगमध्ये सुमारे ७० कोटी डॉलर घालून पाच टक्क्यांना किंचित कमी हिस्सा घ्यायचं ठरवलं. सोबत दोन इलेक्ट्रिक गाड्या मिळून करायच्या. वर्षभरात करार आणखी पुढे गेला आणि गाडीची इलेक्ट्रॉनिक रचना, म्हणजे तिची अख्खी मज्जासंस्था, दोघांनी मिळून बनवायचं ठरलं. हफेईला फोक्सवॅगनने सुमारे एक अब्ज युरो घालून विकास केंद्र उभारलं. नवीन गाडी बनवण्याचा वेळ तीस टक्क्यांनी कमी करायचा, हे त्याचं काम. तिथले निर्णय तिथेच होतात. याचं घोषवाक्य ‘चीनमध्ये, चीनसाठी’. ऑडीने तर सायकबरोबर काढलेल्या नव्या ब्रँडवरून चार कड्या काढून टाकल्या आणि नुसती अक्षरं ठेवली. कड्यांशिवाय ऑडी! माझ्या ओळखीतल्या एका ऑडीवाल्या काकांना हे सांगितलं तेव्हा त्यांनी मलाच फॉरवर्ड म्हटलं.

हे एकट्या फोक्सवॅगनचं नाही. टोयोटाची बीझी३ बीवायडीसोबत बनली. जीपची मालक असलेल्या स्टेलांटिसने २०२३ मध्ये लीपमोटर या चिनी कंपनीत दीड अब्ज युरो घातले, आणि त्या गाड्या युरोपात विकायलाही घेतल्या.

चाळीस वर्षांपूर्वी पेट्यांतून जर्मन भाग यायचे आणि चिनी माणूस ते जोडून शिकायचा. आता जर्मन इंजिनियर हफेईला बसून शिकतोय आणि त्यासाठी पैसे मोजतोय. याला दिवस काढणं म्हणायचं तर म्हणा. मी याला शिकवणी लावणं म्हणतो. फी भरली म्हणून मुलगा पास होतोच असं नाही, हेही खरं.

‘आपण मात्र मोकळं रान दिलं.’

मारुती विसरलात का? १९८२ च्या करारात सुझुकीला फक्त २६ टक्के दिले होते, बाकी हिस्सा सरकारचा. पहिली गाडी डिसेंबर १९८३ मध्ये बाहेर पडली, म्हणजे शांघायच्या सह्यांच्याही आधी. लोकलायझेशनची अट होती, व्हेंडर उभे केले गेले, सुझुकीला बहुमत मिळायला २००२ उजाडलं. चीनमध्ये एका युआनला हिस्सा सोडणारी कंपनी ती हीच. आणि तळेगावचं उदाहरण तर हाकेच्या अंतरावर आहे. जनरल मोटर्सचा तिथला कारखाना ग्रेट वॉल या चिनी कंपनीला हवा होता, २०२० मध्ये व्यवहारही ठरला होता. त्याच वर्षी सरकारने शेजारी देशांच्या गुंतवणुकीला आधी परवानगीची अट घातली, गलवान घडलं, परवानगी काही आली नाही. २०२२ मध्ये व्यवहार बारगळला आणि कारखाना पुढे ह्युंदाईकडे गेला. हे मोकळं रान असेल तर कुंपण कशाला म्हणायचं?

एक गोष्ट फॉरवर्डवाल्याला ठाऊकच नसावी. चीनमधल्या ‘परदेशी कंपन्यां’च्या रांगेत मुंबईचा टाटा समूहही उभा आहे. जग्वार लँड रोव्हर २००८ पासून त्याच्याकडे आहे. २०१२ मध्ये याच निम्म्या भागीदारीच्या नियमाखाली जग्वार लँड रोव्हरने चेरी या चिनी कंपनीबरोबर भागीदारी कंपनी काढली आणि २०१४ मध्ये चांगशूचा कारखाना सुरू झाला. जून २०२४ मध्ये ठरलं की त्या भागीदारीतून नव्या इलेक्ट्रिक गाड्या निघतील. त्यांचा पाया चेरीचा असेल, आणि त्यांच्यावर लागेल फ्रीलँडर हे लँड रोव्हरचं जुनं नाव.