केळं, दही आणि पोटातलं सेरोटोनिन

माझ्या मावशीने नैराश्याच्या गोळ्या परस्पर बंद केल्या. तिसऱ्या आठवड्यात ती रात्ररात्र जागीच राहायला लागली, तेव्हा कुठे घरात कळलं. कारण होतं फोनवर आलेला एक मेसेज: “शरीरातलं ९५ टक्के सेरोटोनिन पोटात तयार होतं. म्हणजे आनंद पोटात तयार होतो. रोज दोन केळी आणि वाटीभर दही खा. गोळ्यांची गरज नाही.” हा मेसेज तुम्हालाही आला असेल. मी पॅथॉलॉजिस्ट आहे, यातल्या पेशी मी मायक्रोस्कोपखाली पाहते, म्हणून एकेका वाक्याला उत्तर देते.

सेरोटोनिन म्हणजे पेशी एकमेकींना निरोप द्यायला वापरतात ते एक रसायन. मेसेजमधलं पहिलं वाक्य खरं आहे. आकडा ९० ते ९५ टक्के असा सांगतात. आतड्याच्या अस्तराला क्रोमोग्रॅनिनचा स्टेन, म्हणजे अशा पेशी ओळखायचा रंग, लावला की निळ्या पेशींच्या ओळीत मधेच एखादी तपकिरी पेशी उठून दिसते. शंभरात एखादीच. तिचे रसायनाने भरलेले दाणे बहुतेक तळाशी, म्हणजे अन्नाकडे नाही तर रक्तवाहिन्यांच्या बाजूला जमलेले असतात. या न्यूरोएंडोक्राइन पेशी, म्हणजे मज्जापेशींसारख्या, पण हार्मोन सोडणाऱ्या. फुफ्फुसात, स्वादुपिंडात, थायरॉइडमध्येही त्या अशाच विखुरलेल्या असतात. पॅथॉलॉजिस्ट फ्रीडरिश फायर्टर यांनी १९३८ मध्ये म्हटलं की या सगळ्या मिळून एक पसरलेली ग्रंथीच आहे. बोट ठेवून दाखवता येत नाही, पण काम ग्रंथीचंच.

आतड्यातल्या या पेशी सेरोटोनिन सोडतात ते आतडं हलावं म्हणून. अन्नाचा दाब आला की सोडतात, विषारी काही आलं तरी सोडतात. केमोथेरपीतल्या सिस्प्लॅटिनने त्या एकदम भरपूर सेरोटोनिन सोडतात आणि माणूस ओकून ओकून बेजार होतो. तेव्हा उलटी थांबवायला जे ऑन्डॅनसेट्रॉन देतात, ते याच सेरोटोनिनचा निरोप अडवतं.

“म्हणजे आनंद पोटात तयार होतो.” इथे मेसेज घसरतो. रक्तातलं सेरोटोनिन मेंदूच्या रक्तवाहिन्यांची भिंत ओलांडत नाही. मेंदू आपलं सेरोटोनिन स्वतःच बनवतो, मेंदूच्या देठातल्या राफे नावाच्या पेशीसमूहांत, आणि त्यासाठी लागणारं एन्झाइमही आतड्यातल्यापेक्षा वेगळं आहे. हा फरक २००३ मध्ये स्पष्ट झाला.

याहून मोठा पुरावा पेशंटच देतात. याच पेशींची गाठ (ट्यूमर) होते, तिला कार्सिनॉइड म्हणतात. ती यकृतात पसरली की सेरोटोनिन थेट रक्तात ओतलं जातं, नेहमीच्या कित्येक पट. पोटात आनंद बनत असता तर ही माणसं सगळ्यांत सुखी असायला हवीत. प्रत्यक्षात चेहरा अचानक लालबुंद होतो, जुलाब थांबत नाहीत, दम लागतो, हृदयाच्या उजव्या बाजूच्या झडपा जाड होतात. सेरोटोनिन ज्यापासून बनतं त्या आहारातल्या ट्रिप्टोफॅनपैकी एरवी जेमतेम १ टक्का सेरोटोनिनकडे जातं, यांच्यात गाठ निम्म्याहून अधिक ओढून घेऊ शकते. मग नायसिन (बी-३ जीवनसत्त्व) बनवायला ते पुरत नाही आणि त्याच्या कमतरतेचा आजार, पेलाग्रा, होतो. हे मी तावातावाने लिहिते आहे, कारण हा आजार पाहिलेला माणूस तो मेसेज पुढे पाठवणार नाही.

केळ्यात सेरोटोनिन असतं, हेही खरं. पण ते मेंदूत पोचत नाही, ते पोचतं लघवीत. कार्सिनॉइडच्या तपासणीसाठी २४ तासांची लघवी गोळा करायची असते, तेव्हा पेशंटला आधीचे दोन-तीन दिवस केळी, अक्रोड, अननस, टोमॅटो बंद करायला सांगतात. नाहीतर रिपोर्ट उगाच वाढलेला येतो.

दह्याचं म्हणणं मात्र हवेतून आलेलं नाही. २०१५ मध्ये उंदरांवर दिसलं की आतड्यातले काही जिवाणू या पेशींना जास्त सेरोटोनिन बनवायला लावतात. पण ते जिवाणू दही लावणारे नव्हते, आणि वाढ झाली ती आतड्यात नि रक्तात. पोट आणि मेंदू वॅगस मज्जातंतूतून बोलतात, यात शंका नाही. दही जरूर खा. ते औषधाची जागा घेतं, असं मात्र यातून निघत नाही.

राहिल्या गोळ्या. “नैराश्य म्हणजे सेरोटोनिनची कमतरता” हे फार सोपं करून सांगितलेलं आहे, ते मलाही पटत नाही. पण यातल्या बऱ्याच गोळ्या मेंदूत पोचतात आणि तिथल्या सेरोटोनिनवर काम करतात. आतड्यातल्या सेरोटोनिनलाही त्या धरतात, म्हणूनच पहिल्या काही दिवसांत मळमळतं. एकदम बंद केल्या तर चक्कर येते, झोप उडते, विजेचा झटका बसल्यासारखं वाटतं, आणि मूळ आजार परतू शकतो. बंद करायच्याच असतील तर डॉक्टर डोस हळूहळू उतरवत नेतात.

मावशीच्या गोळ्या डॉक्टरांनी पुन्हा सुरू केल्या आहेत. तुमच्या घरात कोणी तो मेसेज वाचून गोळी थांबवली असेल, तर कृपया आजच त्यांच्या डॉक्टरांना फोन करा.