बॉम्बने मोकळी केलेली जागा

नारायण पेठेतल्या आमच्या वाड्याच्या पुनर्विकासाचा विषय निघाला की माझा चुलतभाऊ एक वाक्य हमखास म्हणतो : "ताई, तुमच्या तिकडचं बरं आहे. युद्धाने सगळं साफ करून दिलं. आमच्याकडे एक भिंत पाडायची तर दहा वर्षं कोर्टात जातात." तो हे अर्धे चेष्टेने म्हणतो, पण उरलेले अर्धे पुण्यातल्या पुष्कळ लोकांना मनापासून पटलेले असते. पेठा एकदाच्या सपाट व्हाव्यात, रुंद रस्ते काढावेत, युरोपने जसे केले तसे करावे, असा तो सूर असतो. गेली सतरा वर्षे मी इंग्लंडमधल्या कॉव्हेंट्रीत राहते आणि पाणीपुरवठ्याच्या कामात असल्यामुळे या शहराच्या जमिनीखाली काय आहे याच्याशी माझा रोजचा संबंध येतो. म्हणून त्याच्या त्या वाक्याला एकदा नीट उत्तर द्यावे असे पुष्कळ दिवसांपासून मनात होते.

ज्या 'साफ करण्या'विषयी तो बोलतो ते १४ नोव्हेंबर १९४० च्या चांदण्या रात्री झाले. संध्याकाळी सातच्या सुमारास पहिली जर्मन विमाने आली आणि धोका टळल्याचा भोंगा पहाटे सहानंतर वाजला. त्या अकरा तासांत ५६८ माणसे मेली, चार हजारांहून अधिक घरे राहण्याच्या लायकीची उरली नाहीत, आणि चौदाव्या शतकात बांधायला घेतलेल्या सेंट मायकेल कॅथीड्रलच्या फक्त बाहेरच्या भिंती आणि मनोरा शिल्लक राहिला. कॅथीड्रलच्या छतावर त्या रात्री धर्मगुरू रिचर्ड हॉवर्ड आणि आणखी तिघे पहारा देत होते. सुरुवातीला पडलेले आगलावे बॉम्ब त्यांनी वाळूच्या बादल्यांनी आणि हातपंपांनी विझवलेही. पण ते एकामागून एक पडतच राहिले, बाहेरगावाहून बंब आले तेव्हा उशीर झालेला होता, आणि थोड्याच वेळात नळ्यांमधले पाणीच आटले. रस्त्याखालच्या मुख्य जलवाहिन्या बॉम्बच्या खड्ड्यांमध्ये ठिकठिकाणी तुटल्या होत्या.

शहर जळाले ते केवळ बॉम्बमुळे नव्हे, तर पाणी संपल्यामुळेही, हे वाक्य माझ्या व्यवसायातल्या माणसाच्या मनात घर करून बसते. दुसऱ्या दिवशी सांडपाण्याच्या आणि पिण्याच्या पाण्याच्या फुटलेल्या वाहिन्या शेजारी शेजारी पडलेल्या होत्या. पाणी उकळून प्या, अशी दवंडी फिरली आणि विषमज्वराच्या लशी टोचल्या गेल्या. गॅस नव्हता, त्यामुळे ते पाणी उकळायचे कशावर, हा प्रश्न घरोघरी होताच. ट्रामचे रूळ इतके उखडले होते की कॉव्हेंट्रीची ट्राम त्या रात्रीनंतर पुन्हा कधीच धावली नाही. एका रात्रीत एक संपूर्ण वाहतूक व्यवस्था शहराच्या आयुष्यातून निघून गेली आणि तिची जागा बसने घेतली. त्या हिवाळ्यात देशभर जे अनुभव आले त्यांतून शिकून सरकारने मोक्याच्या जागी पाण्याच्या उघड्या टाक्या बांधल्या आणि ऑगस्ट १९४१ मध्ये गावोगावची शेकडो वेगवेगळी अग्निशमन दले मोडून एकच राष्ट्रीय दल केले. तोवर शेजारच्या गावाच्या बंबाची नळी आपल्या गावच्या तोटीला बसेलच याची खात्री नसे. मे २०२५ मध्ये आपल्याकडे भोंगे वाजवून नागरी संरक्षणाचा सराव झाला, तेव्हा कुटुंबाच्या ग्रुपवर शौर्याचे संदेश धो धो येत होते. मी तिथे एवढेच विचारले होते की पेठांमधल्या गल्ल्यांतून बंब जातो का, आणि गेला तर त्याला पाणी कुठून मिळते. उत्तरादाखल तिरंग्याची चित्रे आली.

त्या काळच्या लोकांच्या धैर्याविषयीही थोडे बोलायला हवे, कारण 'इंग्रज कसे ठामपणे उभे राहिले' ही कथा आपल्याकडे फार आवडीने सांगितली जाते. हल्ल्यानंतर लगेच, सामान्य लोकांच्या रोजच्या जगण्याच्या नोंदी ठेवणाऱ्या मास ऑब्झर्व्हेशन या संस्थेचे निरीक्षक कॉव्हेंट्रीत पोचले होते. त्यांच्या नोंदींमध्ये रडणारी, थरथरणारी, काय करावे हे न सुचणारी माणसे आहेत, आणि संस्थेच्या टॉम हॅरिसन यांनी बीबीसीवरून त्याविषयी मोकळेपणाने सांगितले तेव्हा मंत्रिमंडळातल्या काही जणांना ते अजिबात रुचले नाही. संध्याकाळ झाली की हजारो लोक अंथरुणे घेऊन आसपासच्या खेड्यांकडे चालत जात, कोणी धान्याच्या कोठारात तर कोणी मोटारीत झोपे, आणि सकाळी पुन्हा कारखान्यात हजर होई. मला हे चित्र ताठ मानेच्या चित्रापेक्षा जास्त मोलाचे वाटते. (चर्चिल यांना हल्ल्याची आधी कल्पना होती आणि जर्मनांचे गुप्त संदेश इंग्रज वाचत आहेत हे उघड होऊ नये म्हणून त्यांनी कॉव्हेंट्री जळू दिले, ही कथाही आपल्याकडे अधूनमधून फिरते. हल्ला होणार हे कळले होते, पण कोणत्या शहरावर हे वेळेत स्पष्ट झालेले नव्हते, असेच बहुतेक इतिहासकार मानतात.)

आता चुलतभावाच्या मुद्द्याकडे. युद्धाने जागा मोकळी केली आणि म्हणून नवे शहर उभे राहिले, हा क्रमच मुळात चुकीचा आहे. कॉव्हेंट्रीच्या नगरपालिकेत १९३७ मध्ये मजूर पक्षाचे बहुमत आले, आणि १९३८ मध्ये तिने डोनल्ड गिब्सन नावाच्या तिशीतल्या तरुणाला शहराचा पहिला वास्तुरचनाकार म्हणून नेमले. सायकली, मोटारी आणि पुढे विमानांची इंजिने यांच्या कारखान्यांमुळे शहराची लोकसंख्या भराभर वाढत होती : १९११ मध्ये लाखाच्या आसपास असलेले शहर १९५१ मध्ये अडीच लाखांच्या पुढे गेले होते. मध्ययुगीन गल्ल्यांमध्ये ही गर्दी मावत नव्हती. गिब्सन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी नव्या मध्यवस्तीची कल्पना मांडणारे प्रदर्शन भरवले ते मे १९४० मध्ये, म्हणजे बॉम्ब पडण्याच्या सहा महिने आधी. इतकेच नव्हे, तर जुन्या लाकडी घरांची बुचर रो ही गल्ली नगरपालिकेने स्वतः पाडून तिथे ट्रिनिटी स्ट्रीट काढला होता, तोही युद्धाच्या आधीच. पाडण्याची हौस त्यांना जर्मनांनी शिकवली नाही.

बॉम्बने दिली ती संधी, आणि संधीपेक्षाही जास्त निकड. जानेवारी १९४१ मध्ये बांधकाममंत्री लॉर्ड रीथ यांनी नगरपालिकेच्या लोकांना पैशाची काळजी न करता धीटपणे आराखडा करा असे सांगितले. शहराचे अभियंता अर्नेस्ट फोर्ड यांना जुन्या रस्त्यांच्या रेषा शक्य तितक्या सांभाळायच्या होत्या, गिब्सन यांना मध्यवस्ती नव्याने रचायची होती, आणि सभागृहाने गिब्सन यांची बाजू घेतली. त्यानंतर कागदावरची रेघ जमिनीवर यायला मात्र किती तरी वर्षे गेली. लंडनमधल्या अधिकाऱ्यांना खर्चाची धास्ती होती. दुकानदारांना दारासमोरून मोटारी गेल्या नाहीत तर गिऱ्हाईक येणार नाही अशी भीती होती, आणि लक्ष्मी रस्त्यावर वाहने बंद ठेवण्याची नुसती चर्चा झाली की जे युक्तिवाद कानावर पडतात तेच इथे ऐंशी वर्षांपूर्वी होऊन गेले, हे वाचताना मला हसू आवरेना. लोकांना तर आधी डोक्यावर छप्पर हवे होते. सेंट मायकेलच्या मनोऱ्यावर नजर रोखून आखलेला, फक्त पायी चालणाऱ्यांसाठीचा 'प्रिसिंक्ट' हा बाजार उभा राहायला पन्नासचे दशक उजाडले. युरोपातल्या अशा पहिल्यावहिल्या बाजारांमध्ये त्याची गणना होते.

या सगळ्यात निर्णायक ठरली ती जमिनीची गोष्ट. १९४४ च्या नगररचना कायद्याने बॉम्बग्रस्त भाग एकत्रितपणे संपादन करण्याचा अधिकार नगरपालिकांना दिला. कॉव्हेंट्रीने मध्यवस्तीची जमीन घेतली, आणि घेतल्यावर विकून टाकली नाही, तर दुकानांना दीर्घ मुदतीच्या भाडेपट्ट्याने दिली. नगरपालिकेला शहराची रचना करता आली ती जमिनीची मालकीण झाल्यामुळे. पुण्यात पुनर्विकास म्हणजे एकेक वाडा सुटा सुटा घेऊन, त्यावर जादा चटईक्षेत्र देऊन बिल्डरकडे सोपवणे. गल्ली आहे तेवढीच राहते, तिच्या दोन्ही बाजूंना चार मजल्यांचे आठ मजले होतात, आणि खालची सहा इंची जलवाहिनी तीच असते. याला पाडणे म्हणता येईल, नगररचना म्हणता येणार नाही.

आपल्याकडेही एक रात्र, किंबहुना एक दिवस, असा येऊन गेला आहे. १२ जुलै १९६१ ला पानशेतचे धरण फुटले आणि मुठेकाठच्या पेठांमध्ये पाणी शिरले, तेव्हा माझ्या आजीने वाड्याच्या माडीवरून शेजारचे घर बसताना पाहिले होते. त्यानंतर गोखलेनगर, लोकमान्यनगर, सहकारनगर अशा वसाहती उभ्या राहिल्या, सहकारी संस्था निघाल्या, आणि आजच्या पुण्याचा केवढा तरी भाग त्या पुरातून जन्माला आला. म्हणजे जागा मोकळी होण्याचा प्रसंग पुण्यालाही लाभला, लाभला म्हणायचे असेल तर. पण पूरग्रस्तांना दिलेल्या जमिनींच्या मालकीचा प्रश्न पुढे कित्येक दशके लोंबकळत राहिला, आणि नदीच्या पूररेषेविषयीचा वाद तर अजून चालू आहे. आपत्तीने शहर सुधारायचे असते तर ते १९६२ पर्यंत सुधारून झाले असते.

कॉव्हेंट्रीची बाजू मांडते आहे म्हणून तिचे दोष झाकणे बरोबर नाही. साठ आणि सत्तरच्या दशकांत मध्यवस्तीभोवती उंचावरून जाणारा काँक्रीटचा वळसा रस्ता बांधला गेला, तो १९७४ मध्ये पुरा झाला, आणि चालत स्टेशनवर जाणाऱ्या माणसाला आजही तो शहराच्या गळ्याभोवतीच्या पट्ट्यासारखा जाणवतो. शेरबोर्न नदी मध्यवस्तीत रस्त्यांखाली गाडली गेली. बॉम्बमधून वाचलेल्या कित्येक मध्ययुगीन इमारती नंतरच्या आखणीत गेल्या, आणि काही थोड्या लाकडी घरांचे सांगाडे उचलून स्पॉन स्ट्रीटवर नेऊन उभे केले, तिथे ती आता दागिन्यांच्या पेटीसारखी ओळीने मांडलेली दिसतात. आणि आता प्रिसिंक्टच्या दक्षिणेकडचा युद्धोत्तर भागही पाडायला घेतला आहे. मोकळ्या जागेवर आखणाऱ्याचा हात सैल सुटतो. अडगळ आणि आठवण यांतला फरक कागदावर दिसत नाही.

या शहराचे मला सर्वांत आवडणारे निर्णय मात्र न पाडण्याचे आहेत. नव्या कॅथीड्रलसाठी बेझिल स्पेन्स यांचा आराखडा निवडला गेला तो जुने भग्नावशेष तसेच ठेवून शेजारी नवी इमारत जोडणारा होता. ती २५ मे १९६२ ला अर्पण झाली. भग्न भिंतीवर 'पित्या, क्षमा कर' एवढेच शब्द कोरलेले आहेत. बायबलमधल्या वाक्यात पुढे असलेला 'त्यांना' हा शब्द हॉवर्ड यांनी जाणूनबुजून घेतला नाही. युद्ध चालू असतानाच, १९४४ मध्ये, कॉव्हेंट्रीने स्टालिनग्राडशी नाते जोडले, आणि इथल्या ८३० स्त्रियांची नावे भरतकामाने काढलेला एक टेबलक्लॉथ तिकडे भेट गेला. पुढे १९५९ मध्ये ड्रेस्डेनशीही, म्हणजे ज्या शहरावर इंग्रज विमानांनी बॉम्ब टाकले त्या शहराशी, मैत्रीचा करार झाला. शत्रूच्या शहराशी नाते जोडणारी महापालिका आज आपल्याकडे असती तर तिच्या सभागृहात काय झाले असते, याची कल्पना वाचकांनी करावी.

वस्तीही त्या वर्षांत बदलली. कारखान्यांना हात हवे होते, म्हणून वेल्स, स्कॉटलंड, आयर्लंडमधून माणसे आली, आणि त्यांच्यात पंजाबी कामगारही होते. इंडियन वर्कर्स असोसिएशनची सुरुवात १९३८ मध्ये कॉव्हेंट्रीतच झाली होती. फोलशिल रोडवर मी कढीपत्ता आणि गवार आणायला जाते, तिथल्या दुकानांची वंशावळ शेवटी त्या पिढीपर्यंत जाते. गणपतीचे सामान मिळायला मात्र अजून लेस्टर गाठावे लागते.

चुलतभावाला सांगण्यासारखी आणखी एक गोष्ट आहे. युद्धकाळात ब्रिटनमध्ये स्थानिक निवडणुका स्थगित होत्या. तरीही निवडून आलेले सदस्य घरी गेले नाहीत, रिकाम्या जागा पक्षांच्या संमतीने भरल्या गेल्या, आणि शहराचा आराखडा सभागृहात मतदानाने मंजूर झाला. पुणे आणि मुंबई महापालिकांची मुदत मार्च २०२२ मध्ये संपली, आणि त्यानंतर किती तरी काळ कोणतेही युद्ध नसताना कारभार प्रशासकाकडे होता. त्या काळात पुण्यात कोणते रस्ते रुंद होणार आणि नदीकाठाचे काय होणार हे ठरत असताना प्रश्न विचारायला माझ्या भावाच्या प्रभागात नगरसेवकच नव्हता. इथे सगळे उत्तम आहे असे मात्र नाही : शेजारच्या बर्मिंगहॅमच्या पालिकेने सप्टेंबर २०२३ मध्ये तिजोरीत पैसे उरले नसल्याचे जाहीर केले, आणि चाळीसच्या दशकात ज्या आत्मविश्वासाने इथली पालिका जमीन घेऊ शकली तो आज कोणत्याच इंग्रज पालिकेकडे उरलेला नाही.

हे लिहीत असताना आमच्या वाड्याचे मुखत्यारपत्र माझ्या टेबलावर पडलेले आहे. अकरा वारसांपैकी दहा जणांच्या सह्या झाल्या आहेत, आणि माझ्या सहीसाठी बर्मिंगहॅमच्या भारतीय वकिलातीत जायचे आहे. तळमजल्यावर जुनी पागडी देऊन राहणारी तीन बिऱ्हाडे आहेत, त्यांतले एक पुराच्या आधीपासूनचे. बांधकाम चालू असताना ती कुठे राहतील आणि परत कोणत्या मजल्यावर येतील हे करारात लिहिलेले नाही. ते लिहून पाठव, मी सही करते, असे मी भावाला कळवले आहे. त्याचे उत्तर अजून आलेले नाही.