अटलांटिसला संकष्टी नव्हती

परवा इथे इंदूरच्या रामबागेत आत्याकडे गेलो, तर स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवर पेन्सिलीने २८-२८ दिवसांचे चौकोन आखलेले आणि प्रत्येक चौकोनात १८ तारखेभोवती गोल. ‘आता संकष्टी शोधत बसायला नको,’ म्हणाली. कारण तोच मेसेज, जो घरच्या ग्रुपवर तीनदा येऊन गेलाय: बुडालेल्या अटलांटिस संस्कृतीचं कॅलेंडर १३ महिन्यांचं होतं, प्रत्येक महिना २८ दिवसांचा, चंद्राशी तंतोतंत जुळणारा. तेच पुढे उज्जैनला आलं, तिथल्या यंत्रांत कोरलं गेलं. मग इंग्रजांनी तेरावा महिना चोरला. ते पुन्हा पाळा, शरीर निसर्गाशी जुळेल.

आधी अटलांटिस. ही गोष्ट जगाला कळली ती प्लेटोमुळे, साधारण २४०० वर्षांपूर्वीच्या त्याच्या दोन संवादांतून. त्यातल्या ‘क्रितियास’मध्ये नगराचं वर्णन आहे, तो संवाद अर्ध्यावरच तुटतो, त्यामुळे वाचायला वेळही लागत नाही. त्यात कालवे आहेत, बंदर आहे, बैलांचा बळी आहे. कालगणनेचं म्हणाल तर एवढंच, की तिथले दहा राजे एकदा पाचव्या वर्षी, एकदा सहाव्या वर्षी असे आलटून पालटून जमत, सम आणि विषम दोन्ही आकड्यांना सारखा मान म्हणून. १३ महिने नाहीत, २८ दिवस नाहीत. म्हणजे प्लेटोने रचलेल्या नगरावर कुणीतरी आपल्या पदरचा मजला चढवलाय.

हा मजला कुठून आला तेही लपलेलं नाही. २८ दिवसांचे १३ महिने फ्रान्सच्या ऑग्युस्त काँतने १८४९ मध्ये मांडले, मग १९०२ मध्ये इंग्लंडच्या मोझेस कॉट्सवर्थने. कॅमेऱ्याच्या रिळांवाली कोडॅक कंपनी १९२८ ते १९८९ आपले हिशेब याच कॅलेंडरवर ठेवत होती. हिशेबाला ते सोयीचं आहे, हे मी मान्य करतो. दर महिना सारखा, दर तारखेला ठरलेला वार.

पण चंद्राशी जुळतं? आत्या, तू चाळीस वर्षं संकष्टी करतेस. चंद्रोदय साडेआठला की साडेनऊला हे बघून मोदक उकडायला ठेवतेस. तुला हे पटावं?

पौर्णिमा ते पौर्णिमा सरासरी २९.५३ दिवस लागतात. २८ दिवसांच्या महिन्यात पौर्णिमा दर खेपेला दीड दिवस पुढे सरकते. तुझ्या पहिल्या चौकोनात पौर्णिमा १४ ला आणि संकष्टी १८ ला धरू. तिसऱ्या चौकोनात पौर्णिमाच १७ ला येते, म्हणजे तुझा उपास प्रतिपदेला. दहाव्या चौकोनात १३ च्या आसपास अमावास्या, आणि १८ ला शुक्ल पक्षातली चतुर्थी-पंचमी. तो चंद्र सकाळीच उगवलेला असतो. तू रात्री ताट वाढून गच्चीवर जाशील तेव्हा तो मावळतीला टेकलेला असेल.

एक अर्धं खरं आहे, नाइलाजाने सांगतो. चंद्र एका नक्षत्रातून निघून पुन्हा त्याच नक्षत्रात २७.३ दिवसांत येतो, आणि अभिजित धरून नक्षत्रं २८ मोजण्याची जुनी पद्धत आपल्याकडे आहेच. २८ चा चंद्राशी जो काही संबंध आहे तो इथला. पण तेवढ्या वेळात पृथ्वीही सूर्याभोवती पुढे सरकलेली असते, म्हणून चंद्राला पुन्हा पूर्ण दिसायला आणखी दोनेक दिवस लागतात. संकष्टी नक्षत्रावर नाही, तिथीवर असते.

आणि तेरावा महिना चोरीला गेला म्हणे. ‘दुष्काळात तेरावा महिना’ म्हणणाऱ्या भाषेत हे खपतं कसं? बारा चांद्रमासांचे ३५४ दिवस होतात, सौरवर्षाला अकरा कमी पडतात, म्हणून साधारण ३२-३३ महिन्यांनी अधिक महिना धरतात. धोंड्याच्या महिन्यात आमच्या जावईबापूंना अनारसे वाढलेस ना? इंग्रजांनी १७५२ च्या सप्टेंबरात अकरा दिवस गाळले ते त्यांच्या स्वतःच्या कॅलेंडरातून. सप्टेंबर या नावाचा अर्थ सातवा, हे बरोबर. रोमचं वर्ष पूर्वी मार्चला सुरू होई. त्यात अटलांटिस कुठे?

उज्जैन इथून तासा-दीड तासावर आहे. मेसेजमधली यंत्रं जिथे आहेत ती वेधशाळा सवाई जयसिंगाने अठराव्या शतकात बांधली. नाडीवलय यंत्राच्या उत्तरेकडच्या तबकडीवर सहा महिने ऊन पडतं, दक्षिणेकडच्या तबकडीवर सहा महिने. सूर्य विषुववृत्ताच्या कुठल्या बाजूला आहे ते उभ्याउभ्या कळतं. रविवारी पोहे-जिलबी खाऊन निघा आणि बघून या.

राहिली शेवटची ओळ, जिच्यामुळे हे लिहायला बसलो: ‘जिची पाळी २८ दिवसांनी येत नाही, तिचं शरीर निसर्गापासून तुटलं आहे.’ माझी सोळा वर्षांची भाची ३१ दिवस मोजून दोन रात्री रडली. डॉक्टर मोठ्या बायकांत साधारण २१ ते ३५ दिवसांचं अंतर नेहमीचं मानतात, आणि या वयात तर त्याहूनही मागेपुढे होतं. आत्याचा फार तर एक उपास चुकला असता. ही ओळ मात्र ग्रुपवर ज्याने टाकली त्याने आजच काढावी, आणि भाचीला फोन करावा.