इयान होम आणि विंगेबाहेरची १७ वर्षे

१९७६ साली लंडनच्या ऑल्डविच नाट्यगृहात यूजीन ओ'नीलच्या 'द आइसमन कमेथ' या नाटकाचे अगदी सुरुवातीचे प्रयोग चालू असताना त्यातला प्रमुख नट रंगमंचावर थिजला, आत गेला आणि त्या भूमिकेत पुन्हा उभा राहू शकला नाही. त्या नटाचे नाव इयान होम. (आडनावातला 'ल' मुका आहे, आपल्याकडे सर्रास 'होल्म' म्हणतात.) तो तेव्हा ४४ वर्षांचा होता. रॉयल शेक्सपिअर कंपनीच्या स्थापनेपासूनच्या नटांपैकी तो एक होता. तिसरा रिचर्ड आणि पाचवा हेन्री करून झाले होते, आणि न्यूयॉर्कच्या रंगभूमीवरचा टोनी पुरस्कार घरात येऊनही नऊ वर्षे उलटली होती.

त्याच्यावरच्या बहुतेक लेखांत हा प्रसंग दोन ओळींत आटोपतो. भीती बसली, सिनेमाकडे वळला, १९९३ साली परतला, १९९७ साली शेक्सपिअरचा राजा लिअर गाजवला, १९९८ साली 'सर' झाला. मधली १७ वर्षे म्हणजे जणू वनवास, आणि मग राज्याभिषेक. ही मांडणी सोयीची असली तरी मला ती मुळीच पटत नाही. रंगमंचापासून जवळपास तुटलेल्या त्या काळात या माणसाने जे केले, त्याला 'नाटक जमेना म्हणून केलेले काम' म्हणणे हा नाटकवाल्यांचा अहंकार आहे, आणि मी स्वतः हौशी नाटकवाला असल्यामुळे तो अहंकार चांगला ओळखतो.

आधी त्या भीतीविषयी बोलले पाहिजे. नवख्या नटाची भीती साधी असते. तिसऱ्या घंटेला पोटात गोळा येतो आणि पहिली दोन वाक्ये तोंडातून गेली की तो विरघळतो. मुरलेल्या नटाची भीती निराळी असते, कारण तिचा पाठांतराशी काहीही संबंध नसतो. पट्टीच्या पोहणाऱ्याला मधोमध पोहोचल्यावर अचानक पाण्याची खोली आठवावी, तसे ते असते. लॉरेन्स ऑलिव्हिएसारख्या नटालाही १९६० च्या दशकात, म्हणजे नॅशनल थिएटर चालवत असतानाच, या भीतीने गाठले होते, आणि 'ऑथेल्लो'च्या प्रयोगात आपण रंगमंचावर एकटे असू तेव्हा इयागोच्या नटाने विंगेत नजरेसमोर उभे राहावे, अशी विनंती त्याला करावी लागली होती.

मला स्वतःला याचा फक्त एक घोट मिळालेला आहे. एका एकांकिका स्पर्धेत, २० तालमी आणि चार प्रयोग झालेल्या एकांकिकेत, मी मधेच थांबलो. विंगेतून प्रॉम्प्ट येत होता, तो स्पष्ट ऐकू येत होता, शब्दांचा अर्थही कळत होता. पण ते शब्द मी बोलायचे आहेत एवढेच कळत नव्हते. शेवटी समोरच्या अभिनेत्रीने माझे वाक्य प्रश्नार्थक करून स्वतःच म्हटले आणि मी नुसते 'हो' म्हणून गाडी रुळावर आणली. परीक्षकांचा शेरा होता, 'पाठांतर कच्चे.' त्या शेऱ्याचा राग अजून गेलेला नाही, आणि होमविषयी वाचताना तो दर वेळी वर येतो.

ज्या भूमिकेत होमला भीतीने गाठले ती भूमिका पाहा. हिकी हा फिरता विक्रेता. दारूच्या गुत्त्यात पडून राहिलेली माणसे पहिल्या अंकात बराच वेळ केवळ त्याची वाट पाहत असतात. तो आला की मजा येईल, तो आला की पाजेल, असे चाललेले असते. म्हणजे नट विंगेत उभा राहून तासभर आपल्याच आगमनाची जाहिरात ऐकत असतो, आणि पुढे एक प्रचंड लांब स्वगतवजा भाषण त्याच्या बोकांडी बसलेले असते. चार तासांच्या वर चालणारे हे नाटक कोणत्याही नटाला दमवणारे आहे. तरीही दोष नाटकाचा नव्हता, आणि कदाचित कोणाचाच नव्हता. होमचे वडील मनोविकारतज्ज्ञ होते, एसेक्समधल्या गुडमेज येथील मनोरुग्णालयाचे अधीक्षक होते, आणि त्याच परिसरात १९३१ साली होमचा जन्म झाला होता. मनाच्या आजारांशेजारी वाढलेल्या माणसालाही आपल्या मनाची ही खोड आधी ओळखता आली नाही.

आता त्या तथाकथित वनवासाकडे येऊ. १९७९ सालचा 'एलियन' अनेकांनी पाहिला असेल. त्यातला यानावरचा विज्ञान अधिकारी अ‍ॅश हा माणूस नसून यंत्रमानव आहे, हे आपल्याला बरेच उशिरा कळते. दुसऱ्यांदा चित्रपट पाहताना होमवर लक्ष ठेवा. एका जागी, निरीक्षणाच्या काचेपाशी बसण्याआधी, तो उभ्याउभ्याच जागेवर धावल्यासारखे करतो आणि हात झटकतो. क्षणभराचीच हालचाल आहे. पहिल्यांदा पाहताना वाटते, कंटाळलेला माणूस अंग मोकळे करतो आहे. दुसऱ्यांदा पाहताना वाटते, माणसे अंग कसे मोकळे करतात याची कोणीतरी नक्कल करतो आहे. एकच हालचाल दोन्ही अर्थांनी खरी वाटावी, हे हजार माणसांच्या नाट्यगृहात शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचलेच नसते. शेवटी धडावेगळे झालेले त्याचे डोके पांढऱ्या द्रवात माखून टेबलावर पडलेले असते आणि उरलेल्यांना सहानुभूती कळवून किंचित हसते. त्या हसण्यात दुष्टपणा नाही, आणि म्हणूनच ते अंगावर येते.

दोन वर्षांनी आलेल्या 'चॅरियट्स ऑफ फायर'मधला सॅम मुसाबिनी तर मला त्याहून मोठा वाटतो. १९२४ च्या पॅरिस ऑलिम्पिकमध्ये हॅरॉल्ड अब्राहम्स १०० मीटर जिंकतो, पण त्याचा हा प्रशिक्षक पैसे घेऊन शिकवणारा व्यावसायिक, म्हणून तो मैदानात नाही. जवळच्या एका खोलीत एकटा बसलेला आहे. खिडकीतून ब्रिटनचा झेंडा वर चढताना दिसतो, राष्ट्रगीताचे सूर येतात, आणि हा माणूस आपल्या गवती टोपीवर असा गुद्दा मारतो की मूठ तिच्या आरपार जाते. मग पलंगावर बसून तो हळूच स्वतःशी बोलतो. समोर प्रेक्षक नाही, सहनट नाही, टाळी नाही. प्रेक्षकांसमोर उभे राहणे असह्य झालेल्या नटाने, बंद खोलीत एकट्याने साजऱ्या केलेल्या विजयाचा इतका अचूक प्रसंग करावा, याला मी योगायोग म्हणतो. पण हा योगायोग मला विसरता येत नाही. या भूमिकेसाठी त्याला ऑस्करचे नामांकन मिळाले. पुरस्कार मात्र गेला जॉन गिलगुडला, म्हणजे रंगभूमीच्याच एका सम्राटाला.

त्याच १९८१ साली बीबीसीच्या 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'च्या श्राव्य मालिकेत त्याने फ्रोडोला आवाज दिला, आणि २० वर्षांनी त्याच कथेच्या चित्रपटात तो म्हातारा बिल्बो झाला. आजच्या तरुणांना तो माहीत असतो तो बहुधा तेवढ्यापुरताच. त्याबद्दल माझी तक्रार नाही.

या काळात आपण काहीच गमावले नाही, असे म्हणणे मात्र खोटे ठरेल. ४५ ते ६० हे शेक्सपिअरच्या नटाचे भर पिकाचे वय. या वर्षांत त्याने रंगमंचावर काय काय उभे केले असते, हा विचार मनात आला की हळहळ वाटतेच. फक्त त्या हळहळीचे बिल त्याच्या नावावर फाडू नये, एवढेच माझे म्हणणे आहे. 'काहीही झाले तरी प्रयोग झालाच पाहिजे' हे वाक्य आपल्याकडेही मोठ्या अभिमानाने सांगितले जाते. ते ज्याच्या जिवावर खरे केले जाते, त्याला कोणी विचारत नाही.

१९९३ साली तो परतला तो लंडनच्या आल्मेडा नाट्यगृहात, हॅरॉल्ड पिंटरच्या 'मूनलाइट' या नव्या नाटकात. परतण्यासाठी नाटककार पिंटरच असावा, हे मला फार बोलके वाटते. पिंटरच्या संहितेत स्तब्धता लिहिलेली असते. कुठे थांबायचे आणि कुठे गप्प राहायचे हे संवादाइतकेच ठरलेले असते. ज्या माणसाला रंगमंचावरच्या शांततेनेच एकदा गिळले होते, त्याच्या हातात शांतता हाच मजकूर असलेले नाटक आले. शिवाय भूमिका अंथरुणाला खिळलेल्या, मरणाला टेकलेल्या बापाची.

त्यानंतर १९९७ साली दिग्दर्शक रिचर्ड आयरने नॅशनल थिएटरच्या छोट्या कॉटस्लो नाट्यगृहात 'किंग लिअर' केले. लिअर म्हटले की आपल्याला 'नटसम्राट'मुळे एक भारदस्त देह आणि घुमणारा आवाज आठवतो. होम बुटका, आवाज धारदार पण आटोपशीर. त्याचा लिअर सम्राट नसून घरातला तापट म्हातारा वाटतो. मुलींना भीती वाटते ती त्याच्या सत्तेपेक्षा त्याच्या चिडण्याची. वादळाच्या प्रवेशात तो अंगावरचे सगळे कपडे उतरवतो. प्रेक्षक हाकेच्या अंतरावर, नट ६५ वर्षांचा, आणि अंगावर लपायला एक चिंधी नाही. मी हे सगळे अर्थातच पुढे टीव्हीसाठी झालेल्या चित्रीकरणात पाहिले, तरी त्या प्रवेशाला माझे हात गार पडले. या लिअरसाठी त्याला ऑलिव्हिए पुरस्कार मिळाला. कॅमेऱ्यासमोर काढलेली वर्षे त्यात स्पष्ट दिसतात. मृत मुलीला, कॉर्डेलियाला, हातांत घेऊन बोलताना त्याने आवाज असा खाली आणला आहे की तो सिनेमात शिकलेला आहे, हे लपत नाही.

मला मात्र त्याची आणखी एक भूमिका पाहायची होती, जी पाहता येणार नाही. १९६५ साली पिंटरच्या 'द होमकमिंग'मध्ये त्याने लेनी हा धूर्त, गुळगुळीत मुलगा केला होता, टोनी त्याचाच. पीटर हॉलच्या १९७३ च्या चित्रपटात तो लेनी आजही पाहता येतो. पाण्याच्या एका पेल्यावरून भावजयीशी चाललेली त्याची हुज्जत केवळ भुवयांवर तोललेली आहे. २००१ साली, सत्तरीच्या उंबरठ्यावर, तो त्याच नाटकात पुन्हा उतरला, या वेळी मॅक्स म्हणून, म्हणजे लेनीचा बाप म्हणून. नाटकाच्या शेवटी म्हातारा मॅक्स गुडघ्यांवर येऊन त्या सुनेच्या खुर्चीकडे रांगत जातो, आपण म्हातारे नाही असे सांगत राहतो, आणि लेनी बाजूला उभा राहून नुसता पाहत असतो. कधीकाळी रोज रात्री उभ्याने पाहिलेले ते रांगणे, ३६ वर्षांनी त्याने स्वतः केले.