'गॉडफादर'मधल्या फानुचीबद्दल खुलासा

पांढरा सूट, पांढरी हॅट घालून वसुली करत फिरणारा डॉन फानुची आठवतो? 'गॉडफादर : भाग २' (१९७४) मधला. त्याच्या फोटोखाली सध्या एक मजकूर फिरतोय: हा नट नव्हताच, न्यूयॉर्कच्या गल्लीतला खरा गुंड होता, एवढं एकच काम करून गायब झाला. हे खरं नाही.

चित्रपटाच्या श्रेयनामावलीतच नाव आहे, गास्तोने मोस्किन. जन्म १९२९चा, इटलीत वेरोनाजवळचा. रोमच्या राष्ट्रीय नाट्य अकादमीत रीतसर शिकलेला आणि मिलानच्या 'पिक्कोलो तेआत्रो'सारख्या रंगमंचावर मुरलेला माणूस. फानुचीच्या आधीच दिग्दर्शक बेर्तोलुच्चीच्या 'इल कॉन्फॉर्मिस्ता'त (१९७०) तो फॅसिस्ट हस्तक मांगानिएल्लो होता. 'मिलानो कालिब्रो ९' (१९७२) मध्ये तर नायकच: तुरुंगातून सुटलेला, क्वचितच बोलणारा ऊगो पियात्सा. माझ्या मते त्याचं सर्वोत्तम काम हेच, चेहऱ्यावरची रेषही न हलवता केलेलं.

आणि 'गायब'? पुढच्याच वर्षी आलेल्या 'आमीची मिएई'त (१९७५) तो प्रेमात पडून वाहवत जाणारा वास्तुविशारद मेलांद्री झाला. त्याचे पुढचे दोन भागही (१९८२, १९८५) त्याने केले. इटलीत लोक त्याला फानुचीपेक्षा मेलांद्री म्हणूनच जास्त ओळखतात. उतारवयात 'डॉन मात्तेओ' या इटालियन टीव्ही मालिकेत बिशपही साकारला. सप्टेंबर २०१७ मध्ये, ८८व्या वर्षी तो गेला.

फानुची खरा वाटला, यात त्याच्या अभिनयाचं श्रेय आहे. तो मजकूर कृपया पुढे पाठवू नका. ग्रुपवर आधीच टाकला असेल तर काढून टाका.